सामोआच्या चावडीवर बोलायला उठलेला माणूस

न्यूझीलंड हा देश आपल्या मुलांना क्रिकेटमुळे ठाऊक असतो. नकाशावर त्या देशावर बोट ठेवून ते ईशान्येकडे सरकवीत गेले, की पॅसिफिक महासागराच्या निळ्या पाण्यात दोन ठिपके लागतात. एक उपोलू, दुसरे सवाई. ही दोन मोठी बेटे आणि आजूबाजूची काही चिमुकली बेटे मिळून सामोआ नावाचा स्वतंत्र देश होतो. क्षेत्रफळ सुमारे २८०० चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या गोव्यापेक्षाही कमी. लोकवस्ती दोन लाखांच्या आसपास. मुंबईच्या कित्येक प्रशासकीय वॉर्डांत याहून जास्त माणसे राहतात. राजधानी आपिया, ती उपोलूवर. न्यूझीलंड-ऑस्ट्रेलियाशी व्यापार सोयीचा व्हावा म्हणून या देशाने २०११ साली आपली तारीखच बदलून घेतली. २९ डिसेंबरच्या रात्री झोपलेले लोक उठले ते थेट ३१ तारखेला! ३० डिसेंबर २०११ हा दिवस सामोआत उगवलाच नाही.

वाचक बंधू-भगिनींनो, आम्ही सामोआला गेलेलो नाही. कारकुनाच्या पगारात तेथवर जाणे होणारही नाही. परंतु एखाद्या गावचा माणूस आपल्या गावाची गोष्ट मन लावून सांगू लागला, तर ऐकणाऱ्याला ते गाव बरेचसे दिसते. सामोआची अशी गोष्ट सांगणारा एक लेखक आहे, तुसी तमासेसे. त्याने लिहिलेला आणि दिग्दर्शित केलेला ‘ओ ले तुलाफाले’ हा चित्रपट त्याच २०११ सालचा. इंग्रजीत त्याचे नाव ‘द ऑरेटर’, म्हणजे वक्ता. सामोआच्याच भूमीवर, सामोअन माणसांना घेऊन, संपूर्णपणे सामोअन भाषेत काढलेला हा पहिला मोठा कथाचित्रपट मानला जातो. आम्ही सामोआ पाहिले ते या चित्रपटातून, आणि नंतर हाती आलेल्या पुस्तकांतून.

प्रथम गाव पाहू. सामोआतील जुन्या पद्धतीच्या घराला फाले म्हणतात. लंबगोल ओटा, त्यावर भोवताली खांब, वर शाकारलेले छप्पर, आणि भिंती मुळीच नाहीत. पाऊस आला की खांबांमधले विणलेले पडदे खाली सोडायचे. आत काय शिजते, कोण कोणावर रागावले, पाहुणा केव्हा आला, सारे रस्त्यावरून दिसते. आता सिमेंटची, पत्र्याची, भिंतींची घरेही पुष्कळ झाली आहेत, पण उघड्या फालेची सवय अंगात मुरलेली. घरासमोर अंगणातच वडीलधाऱ्यांच्या कबरी असतात, चांगल्या बांधलेल्या. ही जमीन आमची याची निशाणी सात-बाराच्या उताऱ्यापेक्षा त्या कबरीच जास्त ठसठशीतपणे देतात. देशातील सुमारे ऐंशी टक्के जमीन अशी कुळांच्या वहिवाटीची आहे. ती विकता येत नाही.

शेतात काय, तर नारळ, केळी, फणसाचा भाऊबंद असे विलायती फणसाचे झाड, आणि मुख्य म्हणजे अळू! होय, आपला अळूच. आपण त्याच्या पानांची वडी आणि फदफदे करतो, तेथे त्याचा जाड कंद हे रोजचे अन्न आहे. तापलेल्या दगडांच्या भट्टीत कंद भाजतात. कोवळ्या पानांत नारळाचे घट्ट दूध बांधून तेही त्याच भट्टीत शिजवितात. कोकणातील आमच्या भगिनींना हा पदार्थ परका वाटणार नाही. १९९३ साली या अळूवर पानांचा करपा पडला आणि बघता बघता देशभरची शेते काळी पडली. त्याआधी १९९० व १९९१ ला दोन मोठी चक्रीवादळे येऊन गेलेली होती. निर्यात बसली, घरचे अन्न गेले. पुढे रोगाला दाद न देणारी वाणे तयार करून लोकांनी पुन्हा अळू उभा केला, त्याला कित्येक वर्षे लागली. हे सांगण्याचे कारण, चित्रपटाचा नायक अळूचा शेतकरी आहे. त्याच्या हातातील कुदळ आणि काठी ही दिखाऊ वस्तू नव्हे.

आता गावचा कारभार. प्रत्येक कुळाला एक किंवा अनेक मताई असतात. मताई म्हणजे कुळाचा मानाचा प्रमुख. त्याला जुन्या काळापासून चालत आलेले एक नाव मिळते, आणि त्या नावाबरोबर जमिनीचा कारभार व गावसभेत बसण्याचा अधिकार मिळतो. गावसभेला फोनो म्हणतात. मताई दोन प्रकारचे. एक, ज्यांचा मान थोर पण जे सभेत फारसे बोलत नाहीत. दुसरे, ज्यांचे कामच बोलणे. या दुसऱ्यांना तुलाफाले म्हणतात. ते उभे राहतात ते हातात उंच काठी आणि खांद्यावर काथ्याचा चवरीसारखा गोंडा घेऊन. त्यांची भाषा बाजारातली नसते. आदराचे शब्द वेगळे, वंशावळी तोंडपाठ, जुन्या कथांचे दाखले. जमिनीचा तंटा असो, लग्न असो, मयत असो, शब्दांच्या या सामन्यात ज्याचा तुलाफाले सरस त्याची बाजू वर. कोणी कोणत्या खांबाशी बसायचे हेही ठरलेले. ज्याच्याकडे नाव नाही त्याला खांब नाही, आणि ज्याला खांब नाही त्याने चहापाणी करावे, ओझी उचलावीत, पण बोलू नये.

या बेटांवर लिहिणारे फार झाले, पण बाहेरचे. स्कॉटलंडचा प्रसिद्ध कादंबरीकार स्टीव्हन्सन अखेरची वर्षे येथेच राहिला व १८९४ साली येथेच वारला. अमेरिकेचा फ्लॅहर्टी १९२०च्या दशकात सवाई बेटावर कॅमेरा घेऊन आला आणि १९२६ साली त्याचा ‘मोआना’ हा चित्रपट निघाला. तोवर गावकरी विकतचे कापड नेसू लागले होते, पण चित्रात जुनेपणा दिसावा म्हणून त्याने त्यांना झाडाच्या सालीची वस्त्रे नेसविली, आणि एका तरुणाला मोबदला देऊन अंगभर गोंदवून घ्यायला लावले. बाबासाहेब ज्या कोलंबिया विद्यापीठात शिकले, तेथूनच पुढे मानववंशशास्त्र शिकलेल्या मार्गारेट मीड शेजारच्या अमेरिकी ताब्यातील सामोआत गेल्या. तेथील किशोरवयीन मुलींवर त्यांनी १९२८ साली पुस्तक लिहिले आणि ते जगभर गाजले. त्यातील निष्कर्षांवर विद्वानांत पुढे मोठे वाद झाले. आमचे म्हणणे एवढेच की ज्या मुलींवर पुस्तक झाले, त्यांच्या हाती लेखणी नव्हती. नंतर आल्बर्ट वेंट यांच्यासारखे सामोअन कादंबरीकार पुढे आले व लेखणी आत आली. पडद्यावर मात्र घरच्या माणसाने घरच्या भाषेत मोठी गोष्ट सांगायला २०११ साल उजाडले.

तुसी तमासेसे सामोआत जन्मला, गावात वाढला, तरुणपणी शिक्षणासाठी न्यूझीलंडला गेला आणि वेलिंग्टन येथे पटकथालेखन शिकला. गंमत अशी की सामोअन भाषेत ‘तुसी’ म्हणजेच लिहिणे किंवा पुस्तक. २००९ साली त्याने एक लघुपट केला, नाव ‘वा तापुइया’. सामोअन लोक ‘वा’ हा शब्द फार मानतात. वा म्हणजे दोन माणसांमधली जागा. नवरा-बायको, बहीण-भाऊ, जिवंत आणि मेलेले, यांच्यामध्ये जी जागा आहे ती जपायची असते, तुडवायची नसते. हा विचार त्याच्या मोठ्या चित्रपटातही भरून राहिला आहे. त्यात बोलणे थोडे, पाऊस, चिखल, सावल्या आणि गप्प बसलेली माणसे जास्त. वक्त्यावरच्या चित्रपटात नायक तासभर जवळजवळ मुकाच, हे आम्हांला फार आवडले.

गोष्ट अशी. साइली हा ठेंगण्या शरीराचा माणूस. उंची लहान मुलाएवढी. दिवसा अळूची शेती, रात्री गावच्या दुकानावर राखण. बायकोचे नाव वाआइंगा. ती दुसऱ्या गावची. सतरा वर्षांपूर्वी लग्नाविना दिवस गेले म्हणून तिला तिच्या गावाने हाकलून दिले होते. तिला आणि पोटातील मुलीला साइलीने आसरा दिला, नाव दिले, घर दिले. मुलगी लितिया आता मोठी झाली आहे. साइलीचा बाप एके काळी मताई होता. पण ते नाव साइलीला मिळालेले नाही, कारण हा ठेंगणा सभेत काय बोलणार, असे गावाला वाटते. त्याच्या आईबापांच्या कबरी जेथे आहेत, त्या जागेवर गावातील धट्टीकट्टी पोरे येऊन अळू लावतात, त्याला चिडवितात, मारतात. तो गावच्या वृद्ध प्रमुखाकडे जाऊन बापाचे नाव मागतो. प्रमुख नकार देतो. इकडे वाआइंगाचा भाऊ पोतो इतक्या वर्षांनी तिला माहेरी परत न्यायला येतो. ती आजारी असते.

साइलीचे काम करणाऱ्या फाआफिआउला सागोटे यांनी पूर्वी कधी अभिनय केलेला नव्हता. तरी त्यांच्या कपाळावरची एक आठी पानभर संवादाचे काम करते.

आमच्या मंडळाच्या वाचनालयात एका रविवारी हा चित्रपट लावला होता. भाषा सामोअन, खाली इंग्रजी अक्षरे. बी.ए.ला असलेली वस्तीतील एक मुलगी पडद्याशेजारी स्टुलावर बसून प्रत्येक वाक्य मराठीत सांगत होती. सुरुवातीला मुले साइलीला पाहून हसली. दहा-पंधरा मिनिटांत हसणे थांबले. पुढे वाआइंगा मरण पावते आणि तिचा भाऊ तिचे प्रेत उचलून आपल्या गावी घेऊन जातो. तेव्हा मागच्या रांगेतील एक मावशी मोठ्याने म्हणाल्या, “जिती होती तवा हाकलली, आन् मेल्यावर बरी आठवली!” त्यावर दुसऱ्या बाई म्हणाल्या, “अगं, भाऊ हाय तो. त्याचाबी जीव आसंल की.” चित्रपट थांबवून बायकांचा वाद दहा मिनिटे चालला. स्टुलावरची ताई बिचारी इकडून तिकडे पाहत राहिली.

दोन्ही बायांचे बरोबर होते, हे आम्हांला नंतर वाचून कळले. सामोआत भाऊ-बहिणीचे नाते फार पवित्र मानतात. बहीण म्हणजे भावाने जन्मभर पाळायचा करार, असा तिला मान. तिचा शब्द माहेरच्या कुळात वजनाचा असतो. उलट सासरच्या गावात ती परगावची सून. म्हणजे पोतो प्रेत नेतो तेव्हा तो निव्वळ दांडगाई करीत नाही. रीत त्याच्या बाजूने बोलत असते. आणि हाच करार त्या कुळाने सतरा वर्षांपूर्वी मोडलेला असतो. साइलीजवळ काय आहे? नाव नाही, खांब नाही, उंची नाही. पण सतरा वर्षांचा संसार आहे. त्याला बायको आपल्या अंगणात पुरायची आहे, आपल्या माणसांशेजारी. ती परत आणायची तर कुस्ती कामाची नाही, पोलीसचौकी कामाची नाही. परक्या गावच्या मताईंसमोर काठी टेकून उभे राहायचे आणि बोलायचे. तो बोलतो. काय बोलतो ते आम्ही येथे लिहीत नाही. ते त्याच्या तोंडूनच ऐकावे.

हे पाहताना आपल्यापैकी अनेकांना आपले आजे-पणजे आठवतील. चावडीच्या खाली उभे राहून निकाल ऐकणारे. परंतु सामोआला सरसकट आपल्या गावाचे माप लावू नये, असे आम्हांला वाटते. तेथे जात नाही, शिवाशिव नाही. मताईचे नाव बापाकडून मुलाकडे आपोआप जातेच असे नाही. कुळातील माणसे बसून ठरवितात, आणि लायक वाटला तर धाकट्यालाही देतात, बाईलाही देतात. कुळाची जमीन असल्याने उघड्यावर पडणारा माणूस विरळा. ही त्या व्यवस्थेची खरी बाजू आहे, आणि तमासेसे ती झाकीत नाही. तो या व्यवस्थेचा द्वेष करीत नाही. त्याचा नायकही चावडी मोडा म्हणत नाही, मलाही तेथे उभे राहू द्या म्हणतो. आमच्यातील काही तरुण कार्यकर्त्यांना हे कमी पडल्यासारखे वाटले. आम्हांला तसे वाटले नाही. परंतु वाद जरूर व्हावा.

कारण त्याच व्यवस्थेची दुसरी बाजू कठोर आहे. गावसभा दंड करते, डुकरे व अळू भरायला लावते, आणि टोकाला गेल्यास घरच्या घर गावाबाहेर काढते. वाआइंगाची हकालपट्टी ही लेखकाची कल्पना असेल, पण रीत कल्पनेतील नाही. १९९० साली कायदा करून गावसभेच्या अधिकाराला सरकारी मान्यता मिळाली. आणि मतदान? सामोआ १ जानेवारी १९६२ ला स्वतंत्र झाला, तरी सर्वसामान्य प्रौढ माणसाला मताचा हक्क नव्हता. फार थोडे अपवाद सोडले तर मत फक्त मताईंना. १९९० मध्ये सार्वमत घेतले गेले, आणि एकवीस वर्षांवरील सर्व स्त्री-पुरुषांना मत मिळाले. आपल्याकडे राज्यघटनेने पहिल्या दिवसापासून प्रत्येकाला जे दिले, ते तेथे स्वातंत्र्यानंतर अठ्ठावीस वर्षांनी आले. उमेदवार म्हणून उभे राहायचे तर आजही मताईचे नाव लागते, आणि बायकांत मताई थोड्या. म्हणून २०१३ साली संसदेत किमान दहा टक्के स्त्रिया असाव्यात अशी घटनादुरुस्ती झाली. २०२१ मध्ये फिआमे नाओमी माताआफा या देशाच्या पहिल्या महिला पंतप्रधान झाल्या. त्यांचे वडील देशाचे पहिले पंतप्रधान होते, हेही सांगितले पाहिजे.

चित्रपटाला पैसा मिळाला तो न्यूझीलंडच्या सरकारी चित्रपट आयोगाकडून. व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला, आणि परभाषिक चित्रपटांच्या ऑस्कर स्पर्धेसाठी न्यूझीलंडने आपल्यातर्फे हाच सामोअन चित्रपट पाठविला. त्या विभागात त्या देशाने पाठविलेला हा पहिलाच. यात इतिहासाची एक वळकटी आहे. १९१४ साली न्यूझीलंडने हे बेट जर्मनांकडून घेतले. नोव्हेंबर १९१८ मध्ये ऑकलंडहून ‘तालुने’ नावाची बोट तापाचे रोगी घेऊन आपियाच्या धक्क्याला लागली. अधिकाऱ्यांनी तिला अडविले नाही. काही आठवड्यांत सुमारे ८५०० माणसे, म्हणजे दर पाचांतील एक माणूस, त्या साथीत गेला. जवळच्याच अमेरिकी सामोआत बोटी अडवून धरल्या होत्या, तेथे एकही मेला नाही. या रागातून व अपमानातून ‘मौ’ नावाची शांततेची चळवळ जोर धरू लागली. सामोआ सामोअनांचा, ही तिची घोषणा. २८ डिसेंबर १९२९ रोजी आपियात तिच्या मिरवणुकीवर पोलिसांनी गोळीबार केला. चळवळीचा पुढारी लोकांना शांत राहा असे सांगत असतानाच गोळी लागून पडला, आणि मरतानाही सूड घेऊ नका असे सांगून गेला. २००२ मध्ये न्यूझीलंडच्या पंतप्रधान हेलन क्लार्क यांनी आपियात येऊन या साऱ्याबद्दल माफी मागितली.

माफी मागण्याची सामोअनांची स्वतःची एक रीत आहे, तिला इफोंगा म्हणतात. अपराध्याच्या बाजूची माणसे पहाटे दुखावलेल्या घरासमोर येऊन खाली बसतात, आणि अंगावर बारीक विणीची मोलाची चटई पांघरून घेतात. अशा चटया विणायला बायकांना महिनोन्‌महिने लागतात. उन्हात, पावसात तसेच बसायचे. घरच्यांनी येऊन ती चटई उचलली तर क्षमा झाली. नाही उचलली तर मार खाण्याचीही तयारी ठेवायची.

मोठ्या युद्धानंतर न्यूझीलंडच्या कारखान्यांना हात हवे होते, तेव्हा हजारो सामोअन तेथे गेले. १९७०च्या दशकात मंदी आली, आणि मुदत संपलेले परकीय शोधायचे म्हणून पोलीस भल्या पहाटे पॅसिफिक बेटांवरील लोकांच्या घरांत घुसू लागले. मुदत संपलेल्यांत युरोप-अमेरिकेचे लोकही पुष्कळ होते. त्यांची दारे मात्र वाजली नाहीत. १ ऑगस्ट २०२१ रोजी ऑकलंडच्या नगरभवनात पंतप्रधान जेसिंडा आर्डर्न या छाप्यांबद्दल माफी मागायला आल्या, तेव्हा त्या खाली बसल्या आणि त्यांच्यावर चटई पांघरली गेली. नंतर ती उचलली गेली.

तमासेसेचा दुसरा चित्रपट, ‘वन थाउजंड रोप्स’, अशाच स्थलांतरितांच्या वस्तीतला. फेब्रुवारी २०१७ मध्ये तो बर्लिनच्या महोत्सवात दाखविला गेला. त्यात फाले नाही, फोनो नाही, अळूचे शेत नाही. न्यूझीलंडमधील एका शहरातील भाड्याची खोली आहे आणि पावाची भट्टी आहे. भट्टीत काम करणारा म्हातारा मायेआ बाळंतिणींचे अंग चोळून देण्यात तरबेज. एके काळी याच हातांनी त्याने घरच्यांना मारलेले आहे. एके दिवशी त्याची मुलगी दारात येऊन उभी राहते. तिला दिवस गेलेले आहेत, आणि तिच्या तोंडावर माराचे वळ आहेत.